नाना पेठेतलं साडेपाचशेचं झेरॉक्स मॅन्युअल : वापरून झाल्यावरचा रिव्ह्यू

आधीच सांगतो, हा रिव्ह्यू एका पुस्तकाचा आहे पण त्या पुस्तकाला धड कव्हर नाही, कंपनीचं नाव अर्धं कापलं गेलंय आणि बाइंडिंग म्हणजे कॉलेजच्या प्रोजेक्टला करतात तसलं प्लॅस्टिकचं स्पायरल. मारुती ८०० चं सर्व्हिस मॅन्युअल, झेरॉक्स, पुण्यात नाना पेठेतल्या एका स्पेअर पार्टच्या दुकानातून घेतलेलं, किंमत साडेपाचशे. आठ महिने झाले, त्यावर ऑइलचे डाग पडलेत, दोन पानं फाटलीत, त्यामुळे आता बोलायला हरकत नाही.

गाडी बाबांची. १९९४ चं मॉडेल, कार्बोरेटरवालं, पॉइंटचा डिस्ट्रिब्युटर, चार गिअर, पांढरा रंग (म्हणजे आता सायीसारखा). बाबा गेल्यावर विकायची नाही एवढं घरात ठरलं, पण चालवायची कुणी आणि सांभाळायची कुणी यावर कुणी काही बोललं नाही, म्हणून ती माझ्याकडे आली. आणि जी गाडी इतकी वर्षं नीट चालली ती माझ्याकडे आल्यावर सकाळी सकाळी मिसिंग करायला लागली. थंड असताना स्टार्ट केली की भरभर भरभर करत हलायची, चोक ओढून धरला तरी दोनदा बंद पडायची, आणि एकदा का गरम झाली की एकदम शहाण्या मुलासारखी.

गॅरेजमधे दोनदा नेली. पहिल्यांदा प्लग बदलले, दुसऱ्यांदा कार्बोरेटर उघडून साफ केला आणि टॅपेट सेट केले (टॅपेट म्हणजे इंजिनचे व्हॉल्व दाबणाऱ्या रॉकर नावाच्या दांडीवरचा स्क्रू, त्याने दोघांमधला बारीक गॅप ठरतो). बिल झालं, गाडी तशीच. मिस्त्री चांगला माणूस आहे, हातात कला आहे, पण मी विचारलं की टॅपेटला गॅप किती ठेवलात तर म्हणाला, "साहेब ते हाताला कळतं." मला वाटलं हाताला कळतंय तर गाडीला का नाही कळत. तिथून हे मॅन्युअलचं वेड सुरू झालं.

सगळ्यात आधी जे करायला नको होतं ते केलं, म्हणजे ऑनलाइन एका विक्रेत्याकडून २९९ रुपयांत पीडीएफ घेतली. जाहिरातीत लिहिलेलं "८०० फुल मॅन्युअल ऑल मॉडेल". पैसे पाठवले, व्हॉट्सअपवर फाइल आली, उघडली तर तिसऱ्याच पानावर इंजेक्टर आणि ईसीएम, म्हणजे इंजिनचा कॉम्प्युटर. आता ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी : ८०० ला एमपीएफआय म्हणजे इंजेक्शन आलं ते २००० च्या सुमाराला, त्यात एक १२ व्हॉल्व आणि पाच गिअरवालं मॉडेलपण आलं. त्याआधीच्या गाड्या कार्बोरेटरच्या. इंजिन दोन्हीकडे ७९६ सीसी आणि तीन सिलेंडरच, पण पेट्रोल आत जायची पद्धत वेगळी, इग्निशन वेगळं, वायरिंग वेगळं. मी विक्रेत्याला लिहिलं की बाबा रे माझी कार्बोरेटरची आहे, तर उत्तर आलं, "सर इंजन तो सेम है." त्यानंतर ब्लू टिकसुद्धा नाही.

त्यातही गंमत म्हणजे ती फाइल पूर्ण मॅन्युअल नव्हतीच, सप्लिमेंट होतं. हे मला नंतर कळलं आणि जुन्या सुझुकी-मारुतीचं काही शोधत असाल तर हे लक्षात ठेवाच. एक मुख्य मॅन्युअल असतं आणि पुढे गाडीत बदल झाले की फक्त बदललेल्या गोष्टींचं पातळ सप्लिमेंट निघतं, बाकी सगळ्यासाठी मूळ मॅन्युअल बघा असं लिहून मोकळे. म्हणजे तुमच्याकडे नुसतं सप्लिमेंट असेल तर दर दोन पानांनी ते तुम्हाला अशा पुस्तकाकडे पाठवतं जे तुमच्याकडे नाही.

मग नाना पेठ. एका शनिवारी टू व्हीलर घेऊन गेलो, तिथे फोर व्हीलर घेऊन जायचा वेडेपणा कुणी करू नये. चार दुकानांत "मॅन्युअल? कसलं मॅन्युअल?" झालं. पाचव्या दुकानातल्या काकांनी क्लच प्लेट पॅक करता करता मान वर न करता विचारलं, "कार्बोरेटर का इंजेक्शन?" बस, तिथेच मी जिंकलो. माळ्यावरून पोरगा एक बॉक्स घेऊन आला, त्यात स्पायरलचे सहा-सात गठ्ठे, ८००, ओम्नी, एस्टीम, एक जिप्सी. काका म्हणाले, "ओरिजिनल माझ्याकडे आहे, ते मिळणार नाही, ही त्याची कॉपी. बघून घ्या, नंतर परत घेणार नाही." भाव करायचा प्रयत्न केला तर म्हणाले, "झेरॉक्सचे पैसे मोजा आधी."

कॉपीराइटचं मला विचारू नका, मला माहितीये आणि काकांनापण माहितीये. पण हेही खरं की मालकाला मिळतं ते ओनर्स मॅन्युअल, म्हणजे टायरची हवा किती, फ्यूज कुठे, बल्ब किती वॉटचा, ऑइल कधी बदलायचं. सर्व्हिस मॅन्युअल वर्कशॉपसाठी. हा फरकच बऱ्याच लोकांना माहीत नसतो, ओनर्स मॅन्युअल घेतात आणि यात क्लच कसा उतरवायचा ते नाहीच म्हणून वैतागतात. आणि वर्कशॉपची माहिती बाहेर मिळत नाही हे काही माझं एकट्याचं रडगाणं नाहीये, ऑगस्ट २०१४ मधे कॉम्पिटिशन कमिशनने १४ कार कंपन्यांना मिळून साधारण २,५४४ कोटींचा दंड लावला होता, त्यामागे हेच होतं, सुटे भाग, टेक्निकल माहिती आणि तपासायची मशिनं बाहेरच्या गॅरेजवाल्यांना मिळू देत नाहीत म्हणून. पुढे ते अपिलात गेलं. मग डिसेंबर २०२२ मधे सरकारने राइट टू रिपेअरचं, म्हणजे आपली वस्तू आपल्याला दुरुस्त करता यावी या हक्काचं, पोर्टल काढलं, त्यात गाड्यापण आहेत. हे सगळं वाचून मला जरा बरं वाटलं की ज्या गोष्टीसाठी दिल्लीत वकील उभे राहिले ती मला नाना पेठेत माळ्यावरून मिळाली.

आता पुस्तकाबद्दल. भाषा इंग्रजी, पण साधी, छोटी वाक्यं, दहावीपर्यंतचं इंग्रजी पुरे. पानांचे नंबर सलग नाहीत, प्रत्येक सेक्शनचे वेगळे, त्यामुळे एखादं पान गळालंय का हे घेताना कळत नाही. मी दुकानातच उभं राहून इंजिनचा सेक्शन मोजला, काका बघत होते, त्यांना राग नाही आला, उलट म्हणाले, "ब्रेकचंपण मोजा, तिथे एक नाहीये." आणि खरंच एक नव्हतं. पन्नास कमी केले का? नाही केले.

चित्रं लाइन ड्रॉइंगची आहेत आणि ती झेरॉक्समधेपण चांगली आलीत. फोटो मात्र गेले. जिथे मूळ पुस्तकात ब्लॅक अँड व्हाइट फोटो होते तिथे आता काळ्या ढगात एक पांढरा बाण दिसतो, आणि बाण कशाकडे आहे ते ज्याने आधी गाडी उघडलीये त्यालाच कळेल. पण सगळ्यात मोठा घोळ टॉर्कच्या टेबलचा. कुठला बोल्ट किती घट्ट करायचा त्याचं टेबल, आणि त्याचा आतल्या बाजूचा कॉलम बरोबर स्पायरलच्या भोकांत गेलाय. हेड बोल्टच्या (हेड म्हणजे सिलेंडरवरचं इंजिनचं झाकण) आकड्यातला पहिला अंक भोकात. मी प्लॅस्टिकचं स्पायरल काढून, पान वेगळं करून, भोकाच्या कडेला उरलेली रेष भिंगातून बघितली. पाच होता. तसाच आकडा पुढे हेड बसवायच्या पानावर परत दिलेला निघाला त्यामुळे खात्री झाली, पण विचार करा, एखाद्याने अंदाजाने धरलं असतं तर हेडचं पॅकिंग गेलं असतं नाहीतर बोल्ट तुटला असता.

आता ज्यासाठी हे सगळं केलं ते टॅपेट. पान उघडलं आणि पाच मिनिटांत कळलं गाडीला काय झालंय. तिथे गॅपचे एक नाही, दोन आकडे होते. इंजिन थंड असेल तर ०.१५ मिलिमीटरच्या आसपास आणि गरम असेल तर ०.२५ च्या आसपास. कारण या इंजिनचं हेड ॲल्युमिनियमचं, गरम झालं की ते जास्त फुगतं आणि गॅप वाढतो. गॅप आधीच कमी झालेला असणार, आणि आमच्या मिस्त्रीने तो नीट करताना काय केलं असेल? मी गाडी दहा किलोमीटर चालवत नेली, त्याने लगेच कव्हर उघडलं आणि गरम इंजिनला थंडचा गॅप ठेवला. मग रात्रीत इंजिन थंड झालं की तो गॅप अजून कमी, जवळजवळ नाहीच, व्हॉल्व पूर्ण बसतच नाही, कॉम्प्रेशन म्हणजे सिलेंडरमधला दाब जातो, सकाळी मिसिंग. गरम झाली की गॅप उघडतो, गाडी शहाणी. माझ्या डोक्यात एकदम लाइट लागला, म्हणजे इतके दिवस जे कोडं वाटत होतं ते एका ओळीत लिहिलेलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी, गाडी रात्रभर उभी असताना, कव्हर काढलं. फीलर गेज, म्हणजे गॅप मोजायच्या पातळ पट्ट्यांचा जुडगा, १८० रुपयांचा, त्याच गल्लीतून घेतलेला. तिन्ही प्लग काढले म्हणजे इंजिन हलकं फिरतं, चौथा गिअर टाकला आणि मुलीला सांगितलं मी म्हणेन तेव्हा गाडी किंचित पुढे ढकल. एक नंबरच्या सिलेंडरचे दोन्ही रॉकर सैल लागले की त्याचे दोन टॅपेट करायचे, मग क्रँक (इंजिनचा मुख्य फिरता दांडा) २४० अंश पुढे, तीन नंबर, परत २४०, दोन नंबर. फायरिंग ऑर्डर, म्हणजे सिलेंडर पेटायचा क्रम, १-३-२ आहे ना, तीन सिलेंडरची दोन फेऱ्यांत वाटणी. ०.१५ ची पट्टी पहिल्या टॅपेटमधे घालायला गेलो तर आत जाईचना. ०.०५ ची गेली, तीपण रडत रडत. सहापैकी चार असे. लॉक नट सैल केला, स्क्रू फिरवला, पट्टी अशी सरकली पाहिजे की लोण्यातून सुरी नाही, पोळपाटाखालून कागद ओढल्यासारखी, किंचित धरून. आणि इथे मॅन्युअलमधे एक ओळ आहे जी मी वाचून सोडून दिली होती, की नट आवळल्यावर परत मोजा. नट आवळताना स्क्रू त्याच्याबरोबर थोडा फिरतो. पहिले दोन टॅपेट मी परत मोजले नाहीत, कव्हर लावलं, गाडी सुरू केली, टकटक टकटक. परत सगळं उघडलं. मुलगी म्हणाली, "बाबा, पुस्तकात लिहिलं नव्हतं का?" लिहिलं होतं गं बाई.

त्यानंतर आजपर्यंत सकाळचं मिसिंग नाही. मिस्त्रीला जाऊन ते पान दाखवलं. त्याने बराच वेळ बघितलं आणि म्हणाला, "याची एक झेरॉक्स मारून द्या मला." दिली. म्हणजे झेरॉक्सची झेरॉक्स.

मधल्या काळात अजून काय काय बघितलं ते थोडक्यात. आपल्या ८०० ची सख्खी बहीण पाकिस्तानात आहे, सुझुकी मेहरान, तीच बॉडी, तेच ७९६ सीसीचं इंजिन, उजवीकडे स्टिअरिंग, आणि ती तिकडे २०१९ पर्यंत बनत होती. त्यामुळे कार्बोरेटरच्या ८०० वर आपल्याकडे व्हिडिओ मिळाला नाही तर मेहरान टाकून बघा, तिकडचे उस्ताद लोक काम फार निगुतीने दाखवतात आणि भाषा कळते. मेहरानची एक पीडीएफपण मला मिळाली, स्कॅन स्वच्छ, माझं भोकात गेलेलं टेबल त्यातही जुळवून बघितलं. पण दिवे, वायरिंग, डॅशबोर्ड यातले तपशील सगळे जुळत नाहीत, त्यामुळे ती इंजिनपुरती. जपानी अल्टोचं मॅन्युअल कुणी गळ्यात मारायला लागलं तर घेऊ नका, बॉडी सारखी दिसते पण तिकडे इंजिन छोटं असतं, साडेपाचशे सीसीच्या आसपासचं.

एका मित्राकडे जुनी जिप्सी आहे, ९७० सीसीवाली. त्याचं बरं आहे, कारण ती गाडी बाहेर एसजे ४१० म्हणून विकली गेली आणि तिच्यावर हेन्सचं मॅन्युअल निघालंय. हेन्स म्हणजे इंग्लंडमधल्या सॉमरसेटची कंपनी, १९६६ ला त्यांचं पहिलं वर्कशॉप मॅन्युअल आलं, आणि यांची पद्धत अशी की खरी गाडी पूर्ण सोडून परत जोडायची आणि मग पुस्तक लिहायचं. ते घरी काम करणाऱ्या माणसासाठीच लिहिलेलं आहे हे पानापानावर दिसतं, प्रत्येक काम किती अवघड ते सांगायला स्पॅनरची चित्रं दिलीत, एक स्पॅनर म्हणजे कुणीही करू शकेल, पाच स्पॅनर म्हणजे हात लावू नका. फक्त त्यांचं ते प्रसिद्ध वाक्य, "बसवणं म्हणजे काढण्याच्या उलट क्रम", ते वाचून मित्राने एका रविवारी वॉटर पंप काढला आणि बुधवारी गाडी टोचन करून गॅरेजला नेली. उलटा क्रम माहीत होता, कुठला बोल्ट लांब आणि कुठला आखूड ते माहीत नव्हतं. तेव्हापासून मी काढलेले बोल्ट पुठ्ठ्याला भोकं पाडून त्यात चित्राप्रमाणे टोचून ठेवतो, हे कुठल्याच मॅन्युअलमधे लिहिलेलं नाही.

आणि पार्ट्स कॅटलॉग. हे वेगळं पुस्तक असतं, यात काम कसं करायचं ते नसतं, फक्त सगळे भाग हवेत उडाल्यासारखे काढलेले आणि प्रत्येकाला नंबर. लोक याला दुय्यम समजतात, मला तर कधी कधी मॅन्युअलपेक्षा हे उपयोगी वाटतं, कारण कुठला वॉशर कुठल्या बाजूला हे यात एका नजरेत दिसतं. शिवाय दुकानात जाऊन "ते हे, त्याच्या खालचं रबर" असं सांगण्यापेक्षा नंबर सांगितला, पाच आकडे मग एम मग बाकीचं, की काउंटरवरच्या माणसाचा चेहरा बदलतो. काकांकडे कॅटलॉगची कॉपी तीनशेला होती, ती पुढच्या फेरीत घेतली.

आता कुणी मला विचारलं मॅन्युअल कसं घेऊ तर मी एकच सांगतो, पैसे द्यायच्या आधी टॅपेटच्या पानाचा फोटो मागा. ज्याच्याकडे खरं, पूर्ण आणि वाचता येणारं मॅन्युअल आहे तो दोन मिनिटांत पाठवतो. ज्याच्याकडे नाही तो कव्हरचा फोटो पाठवतो. मला २९९ ला हा धडा पडला. आणि फोटो आला की बघा, आकडे दोन आहेत का, मागे एमएम लिहिलंय ते वाचता येतंय का, बाजूला कार्बोरेटरच्या गाडीचं चित्र आहे का.

दुकानाला चार स्टार. एक कापला तो ब्रेकच्या गेलेल्या पानाचा आणि स्पायरलच्या भोकांचा, दोन्ही गोष्टी झेरॉक्स मारताना पान अर्धा इंच बाजूला सरकवलं असतं आणि मोजून लावली असती तर टळल्या असत्या. काकांच्या बोलण्याचा स्टार नाही कापला, तो माणूस जेवढं बोलला तेवढं सगळं खरं निघालं. ब्रेकचं पान, तुम्ही म्हणाल, मिळालं का? मिळालं, काकांनीच महिन्याभराने फोन करून सांगितलं ओरिजिनलमधे सापडलं म्हणून, एक रुपया घेतला. सुट्टा नव्हता तर थांबवून ठेवलं मला.

हां, वायरिंग राहिलं. वायरिंगचं पान हे झेरॉक्समधलं सगळ्यात अवघड पान आहे. सुझुकीवाले वायरचे रंग अक्षरांनी लिहितात, बी म्हणजे ब्लॅक, डब्ल्यू म्हणजे व्हाइट, बी तिरकी रेघ डब्ल्यू म्हणजे काळ्या वायरवर पांढरी रेघ, इथपर्यंत ठीक. पण ब्लू म्हणजे बीएल, आणि झेरॉक्समधे तो बारका एल कधी दिसतो कधी नाही, म्हणजे तुम्ही काळी समजून निळीला टेस्टर लावून बसता. हॉर्न वाजत नव्हता तेव्हा माझे दोन तास यात गेले, शेवटी निघालं काय तर अर्थिंगची वायर सुटलेली. तेव्हा मुलीला म्हटलं या पानाची मोठी कॉपी काढून आण आणि तुझ्या स्केच पेनांनी रंगव, जिथे शंका असेल तिथे आपण गाडीत बघू. तिने दोन संध्याकाळी बसून रंगवलं, ए थ्री साइज, आता शेडच्या भिंतीवर लावलंय आणि आख्ख्या मॅन्युअलमधलं सगळ्यात जास्त वापरलं जाणारं पान तेच आहे. फक्त तिचं ब्राउन पेन मधेच संपलं, म्हणून उजव्या हेडलाइटकडे जाणारी एक वायर अर्धी ब्राउन आणि अर्धी केशरी आहे, तिथे मी पेन्सिलीने लिहून ठेवलंय, "ही एकच वायर आहे."